पटकथालेखनाचा व्यवसाय: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मराठी-हिंदी मालिका, सिनेमे आणि वेबमालिका लिहू पाहणारे लोक जे प्रश्न सतत पाठवतात, ते इथे एकत्र केले आहेत. 'कथा सुचते कशी' हा सगळ्यात जास्त येणारा प्रश्न मुद्दाम गाळला आहे. त्याच्या उत्तरावर कुणाचं घर चालत नाही. घर चालतं ते ठरलेल्या तारखेला ड्राफ्ट देण्यावर, तो पुन्हा लिहिण्यावर आणि सही केलेल्या कागदावर. म्हणून बहुतेक उत्तरं त्याच दिशेने गेली आहेत.

१. कथा, पटकथा, संवाद अशी तीन नावं वेगळी का येतात? लेखक एकच नसतो का?

असतोही. पण ही तीन कामं वेगळी आहेत आणि आपल्याकडे ती अनेकदा वेगवेगळी माणसं करतात. काय घडतं ती कथा. ते पडद्यावर कुठल्या क्रमाने, कुठे, कुणासमोर आणि किती वेळ घडतं ती पटकथा. पात्रं तोंडाने काय बोलतात ते संवाद. १९८३च्या 'अर्धसत्य'ची मूळ कथा श्री. दा. पानवलकरांची, पटकथा विजय तेंडुलकरांची आणि हिंदी संवाद वसंत देवांचे. तिघांचं श्रेय वेगळं आणि तिघांचंही काम पडद्यावर वेगळं ओळखता येतं.

मराठी मालिकांत यात 'कथाविस्तार' हे चौथं श्रेय येतं. मूळ कथा चॅनेलने किंवा निर्मात्याने मंजूर केलेली असते, कथाविस्तारवाला ती महिनोन्महिने पुढे नेतो, पटकथाकार तिचे सीन पाडतो आणि संवादलेखक ते बोलते करतो. यातलं प्रत्येक काम स्वतंत्र मानधनाचं आहे. करारात नुसतं 'लेखन' असं लिहिलं असेल तर चारही कामं एका पैशात तुमच्या गळ्यात पडू शकतात (प्रश्न १२).

२. यासाठी पदवी किंवा कोर्स लागतो का? एफटीआयआयला न जाता जमेल?

जमेल. कुठलाही निर्माता प्रमाणपत्र विचारत नाही, तो आधीचं लिहिलेलं मागतो. पुण्याच्या एफटीआयआयमध्ये आणि कोलकात्याच्या सत्यजित राय संस्थेत पटकथालेखन शिकवलं जातं. तिथला खरा फायदा म्हणजे रोज सिनेमा पाहणं, आणि पुढे दिग्दर्शक-संकलक होणाऱ्या मुलांबरोबर राहणं. तेच लोक नंतर फोन करतात. फी भरून दोन दिवसांत 'सिनेमाचे लेखक' करून देणाऱ्या कार्यशाळांबद्दल मात्र माझं मत फारसं चांगलं नाही. शिकवणाऱ्याची कुठली पटकथा प्रत्यक्ष चित्रित झाली आहे, एवढं विचारून बघा.

३. मुंबईतच राहावं लागेल का?

संवाद किंवा सिनेमाचा ड्राफ्ट गावाहूनही लिहिता येतो, आणि बरेच जण लिहितात. पटकथा आणि कथाविस्तार करणाऱ्यांना चॅनेलच्या बैठकांना बसावं लागतं. त्यातल्या काही आता व्हिडिओ कॉलवर होतात. पण पहिली दोन-तीन वर्षं मुंबईत काढलेली बरी, कारण या धंद्यात कामाची जाहिरात निघत नाही. कुणाचा तरी लेखक आजारी पडतो, कुणाची मालिका अचानक मंजूर होते आणि समोर असलेल्या माणसाला विचारलं जातं.

४. पहिलं काम मिळतं कसं? मी कुणालाच ओळखत नाही.

महाराष्ट्रात यासाठी एक जुनी वाट आहे, ती म्हणजे एकांकिका. पुण्याची पुरुषोत्तम करंडक स्पर्धा १९६३पासून चालू आहे. तशाच स्पर्धा मुंबईत आणि इतर शहरांतही होतात. प्रेक्षकांत मालिकावाले बसलेले असतात. दुसरं म्हणजे, तुमच्या एकांकिकेत काम केलेला नट उद्या मालिकेत जातो आणि सेटवर तुमचं नाव काढतो.

दुसरी वाट सहायक म्हणून शिरण्याची. एखाद्या व्यग्र संवादलेखकाला महिन्याला पंचवीसेक एपिसोड द्यायचे असतात, तेव्हा त्याला मदतनीस लागतो. इथे पैसे कमी आणि नाव बहुतेक नसतं (नावाबद्दल प्रश्न १४), पण एका वर्षात इतके सीन लिहून होतात की हात बसतो. तिसरी वाट चॅनेल किंवा निर्मितीसंस्थेच्या क्रिएटिव्ह विभागातली नोकरी. तिथे तुम्ही लिहीत नाही, दुसऱ्यांचं वाचता आणि त्यात दुरुस्त्या सुचवता. टेबलाच्या त्या बाजूला बसून आलेले लेखक नोट्सना घाबरत नाहीत, हे मी पुष्कळदा पाहिलंय.

सिनेमासाठी एनएफडीसीची, म्हणजे सरकारच्या राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाची, पटकथा-लॅब आहे. तिथे निवड झाली तर अनुभवी मार्गदर्शकांबरोबर ड्राफ्टवर काम करता येतं.

निर्मात्यांच्या ईमेलवर न मागता दोनशे पानांची पटकथा पाठवणं ही वाट नाही. ती उघडलीच जात नाही, आणि उद्या कुणी चोरीचा आरोप करू नये म्हणून काही कंपन्या अशी मेल मुद्दाम न वाचता परत पाठवतात. एका पानाचा गोषवारा, मागितल्यावरच पुढचं.

५. रोजची मालिका प्रत्यक्षात लिहिली जाते कशी?

हा प्रश्न सगळ्यांना पडतो, म्हणून जरा सविस्तर सांगते.

अर्ध्या तासाच्या एपिसोडमध्ये मजकूर साधारण २२ मिनिटांचा असतो. केबल टीव्हीच्या नियमांप्रमाणे तासाला १२ मिनिटांपर्यंत जाहिराती दाखवता येतात, त्यातली २ मिनिटं वाहिनीच्या स्वतःच्या प्रसिद्धीची. या २२ मिनिटांत सात-आठ सीन बसतात आणि मधे ब्रेक येतात. प्रत्येक ब्रेकच्या आधी प्रेक्षक रिमोटला हात लावणार नाही असं काहीतरी ठेवायचं. शेवटी हुक, म्हणजे उद्या बघायलाच हवं असं वाटायला लावणारा क्षण, आणि त्यानंतर उद्याची झलक दाखवणारा प्रीकॅप.

महिन्या-दोन महिन्यांचा 'ट्रॅक' आधी चॅनेलबरोबर ठरतो. सासूचं गुपित कधी फुटणार, लग्न कोणत्या आठवड्यात, सणाचा विशेष भाग कुठे. मग आठवड्याचे वन-लायनर, म्हणजे कुठल्या भागात काय घडणार याच्या एक-दोन ओळी, तयार होतात. ते मंजूर झाले की पटकथाकार सीन पाडतो: घर, सकाळ, अमुक तीन पात्रं, सुरुवात ही, शेवट हा. ते संवादलेखकाकडे जातं. संवाद झाले की क्रिएटिव्ह हेड नोट्स देते, चॅनेलची ईपी (एक्झिक्युटिव्ह प्रोड्यूसर, म्हणजे चॅनेलच्या वतीने मालिकेवर लक्ष ठेवणारी) वेगळ्या नोट्स देते, आणि अनेकदा या दोघींच्या नोट्स एकमेकींच्या विरुद्ध असतात. कुणाचं अंतिम मानायचं हे पहिल्याच आठवड्यात विचारून ठेवा.

हे सगळं सुरळीत चाललं तर एपिसोडची 'बँक' तयार होते, म्हणजे प्रक्षेपणाच्या पुढे दहा-बारा भाग चित्रित होऊन पडलेले असतात. मग गुरुवारी टीआरपीचे आकडे येतात. आकडा पडला की ठरलेला ट्रॅक गुंडाळून नवा आणला जातो आणि बँक संपते. त्यानंतर सकाळी सातची शिफ्ट लागलेली असताना रात्री एक वाजता तुम्ही तिसरा सीन लिहीत असता. शिवाय नटांच्या तारखा. नायिकेला दोन दिवस सुट्टी दिली असा निरोप येतो आणि तिचे चार सीन फोनवरच्या संभाषणात किंवा दुसऱ्याच पात्राच्या तोंडी वळवावे लागतात. घराचा सेट उभा आहे, रस्त्यावरचं चित्रीकरण महाग आहे, म्हणून अपघातसुद्धा 'ऐकायला' येतो, दिसत नाही. बाहेरून हे हास्यास्पद वाटतं. पण या अटींत राहून प्रेक्षकाला दिवाणखान्यातच रडवणं हे कसब आहे, आणि ते असलेल्या लेखकांकडे मी आदराने बघते.

६. एपिसोडमागे किती पैसे मिळतात?

मालिकेत मानधन दर एपिसोडवर ठरतं आणि कथाविस्तार, पटकथा, संवाद यांचे दर वेगळे असतात. वाहिनी कोणती, प्राइम टाइमचा स्लॉट की दुपारचा, तुमची आधीची मालिका किती चालली, यावर आकडा कितीतरी पटींनी बदलतो. त्यामुळे ऐकीव आकड्यावर जाऊ नका. त्याच काळात तसंच काम करणाऱ्या दोन-तीन लेखकांना थेट विचारा. पैशांबद्दल एकमेकांत न बोलण्याच्या सवयीचा फायदा फक्त समोरच्याला होतो.

आकड्याइतकेच महत्त्वाचे चार प्रश्न: पैसे लिहिलेल्या एपिसोडचे की प्रक्षेपित झालेल्या? महाएपिसोड एक धरायचा की दोन? लिहून झाल्यावर ट्रॅक बदलला तर जुन्या लेखनाचे पैसे मिळणार का? आणि बिल दिल्यावर किती दिवसांनी? साठ ते नव्वद दिवसांची उधारी इथे सर्रास चालते. म्हणजे श्रावणात लिहिलेल्याचे पैसे दिवाळीनंतर.

७. आणि सिनेमाचे?

एकरकमी ठरतात आणि टप्प्यांत येतात: सही करताना, गोषवारा किंवा विस्तृत कथा दिल्यावर, पहिल्या ड्राफ्टला, शेवटच्या ड्राफ्टला, आणि कधीकधी चित्रीकरण सुरू होताना किंवा प्रदर्शनाआधी. सापळा शेवटच्या दोन टप्प्यांत आहे. चित्रीकरण कधी सुरू होईल हे तुमच्या हातात नाही, आणि लिहिल्या गेलेल्या पटकथांपैकी बऱ्याच कधीच चित्रित होत नाहीत. म्हणून निम्म्याहून जास्त रक्कम तुमच्या स्वतःच्या कामाला, म्हणजे ड्राफ्ट देण्याला, बांधून घ्या. ड्राफ्ट 'मंजूर झाल्यावर' पैसे या शब्दांऐवजी 'सादर केल्यावर' असे शब्द मागा. मंजुरी वर्षभर लांबू शकते. सादर केल्याची तारीख मेलवर दिसते.

८. पटकथा कुठल्या पद्धतीने लिहायची? देवनागरीत की रोमन लिपीत?

प्रत्येक सीनच्या माथ्यावर आत की बाहेर, जागा, वेळ. त्याखाली वर्तमानकाळात जे दिसतं-ऐकू येतं तेवढंच. मग पात्राचं नाव आणि संवाद. 'तिला बालपण आठवतं' हे कॅमेऱ्याला टिपता येत नाही, ते लिहू नका.

एक पान म्हणजे पडद्यावरचं एक मिनिट, हा हिशेब विशिष्ट इंग्रजी टंक आणि मांडणीवर बेतलेला आहे. देवनागरीत तो तसाच लागू पडत नाही. आपल्या मजकुराचा अंदाज घ्यायचा तर दहा पानं मोठ्याने वाचून घड्याळ लावा. मराठीत संवाद देवनागरीतच लिहा. हिंदीत बरेच नट आणि तंत्रज्ञ रोमन लिपीतले संवाद मागतात, तिथे हट्ट करू नका. सॉफ्टवेअर कुठलंही चालेल. घेण्याआधी त्यात देवनागरी जोडाक्षरं तुटत नाहीत ना, आणि पीडीएफ नीट निघते ना, एवढं तपासा.

९. नॅरेशन म्हणजे काय? मला बोलता येत नाही, मग?

आपल्याकडे निर्माते आणि नट पटकथा वाचण्यापेक्षा ऐकणं पसंत करतात. दोन-अडीच तास बसून सगळा सिनेमा सांगायचा, ते नॅरेशन. याचा तोटा उघड आहे: चांगला सांगणारा वाईट पटकथा विकतो आणि उलटही होतं. बोलता येत नसेल तर दिग्दर्शकाला सांगू द्या आणि तुम्ही शेजारी बसा. नॅरेशननंतर त्याच दिवशी एक साधी मेल टाकायची: 'आज आपल्याला अमुक नावाची कथा ऐकवली, सोबत गोषवारा जोडला आहे.' सभ्य वाटते आणि पुरावा म्हणून राहते.

१०. माझी कल्पना चोरली तर?

कल्पनेवर कॉपीराइट नसतो. हे ऐकून लोक नाराज होतात, पण सर्वोच्च न्यायालयाने १९७८ सालीच ते स्पष्ट केलं आहे. आर. जी. आनंद यांनी त्यांच्या 'हम हिंदुस्तानी' या नाटकावरून 'न्यू दिल्ली' हा सिनेमा उचलला असा दावा केला होता. प्रांतवादाचा विषय दोन्हीकडे होता. न्यायालयाने म्हटलं की विषय, कल्पना, कथासूत्र किंवा ऐतिहासिक घटना यांवर कुणाची मालकी नसते. मालकी असते ती मांडणीवर. दोन्ही कलाकृती पाहून सामान्य प्रेक्षकाला एक दुसरीची नक्कल आहे असं ठामपणे वाटलं पाहिजे. दावा फेटाळला गेला.

याचा व्यवहारातला अर्थ असा की 'एक शेतकरी निवडणूक लढवतो' हे कुणीही करू शकतं. त्या शेतकऱ्याचं घर, त्याची भावकी, प्रचाराचे सीन, वळणांचा क्रम हे तुम्ही जितकं तपशिलात लिहाल तितकं संरक्षण घट्ट. दोन ओळी घेऊन फिरणारा उघडाच असतो. तीस पानं लिहून मगच बाहेर पडा, आणि त्याआधी नोंदणी करा.

११. एसडब्ल्यूएकडे रजिस्टर केलं म्हणजे कॉपीराइट मिळाला का?

कॉपीराइट लिहिल्या क्षणी मिळतो. १९५७च्या कायद्यात त्यासाठी नोंदणीची अट नाही. स्क्रीनरायटर्स असोसिएशन, म्हणजे पूर्वीची फिल्म रायटर्स असोसिएशन, ही मुंबईतली लेखकांची कामगार संघटना आहे. सभासदांना तिथे ऑनलाइन पटकथा नोंदवता येते. त्याचा उपयोग 'या तारखेला हा मजकूर माझ्याकडे होता' हे दाखवण्यासाठी. सरकारच्या कॉपीराइट कार्यालयातली नोंद वेगळी. तिथे अर्जानंतर हरकतींसाठी ३० दिवस थांबावं लागतं आणि प्रक्रिया लांबते, पण न्यायालयात तिचं वजन जास्त. रोजच्या वापराला पहिली, मोठ्या सौद्याआधी दुसरी. ड्राफ्ट बराच बदलला तर नव्याने नोंदवा.

वाद झाला तर असोसिएशनची तंटा निवारण समिती सभासदांच्या तक्रारी ऐकते. मराठी मालिका-नाटक-चित्रपट लेखकांची 'मानाचि' ही संघटनाही आहे. पैसे अडकल्यावर सभासद होण्यापेक्षा आधी झालेलं बरं.

१२. करारात नेमकं काय बघायचं?

वकिलाला दाखवाच. तरी स्वतः वाचताना ही कलमं शोधा.

हक्क किती काळासाठी आणि कुठल्या प्रदेशासाठी देताय? कॉपीराइट कायद्याच्या कलम १९ प्रमाणे हक्कांचं हस्तांतरण लेखी आणि सही केलेलं असावं लागतं. मुदत लिहिलेली नसेल तर ती पाच वर्षं धरतात आणि प्रदेश लिहिलेला नसेल तर फक्त भारत. हक्क घेणाऱ्याने वर्षभरात ते वापरले नाहीत तर हस्तांतरण आपोआप संपतं. पण या सगळ्याला 'करारात वेगळं काही नसेल तर' ही शेपटी आहे, आणि छापील करारात वेगळं असतंच: कायमचे, संपूर्ण विश्वासाठी. ती ओळ खोडून घेता आली नाही तरी निदान 'तीन वर्षांत चित्रीकरण सुरू झालं नाही तर हक्क लेखकाकडे परत' एवढं मागा. हे कलम बऱ्याचदा मिळतं, मागणारे कमी.

पुढचं: किती ड्राफ्ट आणि किती दुरुस्त्या त्या रकमेत बसतात. 'निर्मात्याचं समाधान होईपर्यंत' असं असेल तर ते काम संपतच नाही. मग श्रेयाचे नेमके शब्द आणि जागा. रीमेक, डबिंग, पुढचे भाग आणि पुस्तकरूप यांचे हक्क वेगळे ठेवा. शेवटी, पटकथेमुळे कुणी खटला भरला तर भरपाई कोण देणार हे कलम. सगळा बोजा लेखकावर टाकणारे करार मी पाहिले आहेत. तुमची जबाबदारी मजकूर स्वतःचा असल्याची, आणि रकमेची मर्यादा तुमच्या मानधनापर्यंत. त्यापलीकडे सही करू नका.

१३. करार झालाच नाही, सगळं व्हॉट्सॲपवर ठरलं. आता?

घाबरू नका, उलट एका अर्थी तुमची बाजू बरी आहे. लेखी हस्तांतरण नाही म्हणजे हक्क अजून तुमच्याकडेच आहेत. पगारी नोकरीत कामाचा भाग म्हणून लिहिलं असेल तर मात्र वेगळा करार नसताना मालक हाच पहिला हक्कदार ठरतो. स्वतंत्रपणे लिहून देणाऱ्याला तो नियम लागू नाही. चॅट निर्यात करून ठेवा, पाठवलेल्या फायलींच्या मेल जपा. मग शांतपणे एक मेल लिहा: आपलं अमुक तारखेला ठरलं त्याप्रमाणे एवढे भाग दिले, एवढी रक्कम येणं आहे. समोरून 'हो, पुढच्या आठवड्यात बघतो' असं उत्तर आलं तरी कामाची कबुली मिळाली.

१४. लिहिलं मी, पण श्रेयनामावलीत नाव दुसऱ्याचं. काही करता येतं?

येतं. कॉपीराइट कायद्याचं कलम ५७ लेखकाला दोन हक्क देतं: आपण लेखक आहोत हे सांगण्याचा, आणि प्रतिष्ठेला बाधा येईल अशी मोडतोड झाल्यास आक्षेप घेण्याचा. कॉपीराइट विकल्यानंतरही हे दोन्ही तुमच्याकडे राहतात. प्रदर्शनाआधी हालचाल केली तर संघटनेच्या मध्यस्थीने बरेच प्रश्न सुटतात. नंतर कठीण जातं.

सहायक म्हणून नाव न येण्याच्या अटीवरच काम घेतलं असेल तर नैतिक ताकद कमी होते. मर्यादा आधीच ठरवा: अमुक इतक्या एपिसोडांनंतर 'संवाद साहाय्य' असं नाव येईल. नुसत्या आश्वासनावर वर्षभर दुसऱ्याच्या नावाने लिहू नये असं माझं स्पष्ट मत आहे. पैसे मिळाले तरी पुढच्या कामासाठी दाखवायला हातात काही उरत नाही.

१५. सिनेमा टीव्हीवर पुन्हापुन्हा लागतो. लेखकाला रॉयल्टी मिळते का?

कायद्यात आहे. २०१२च्या दुरुस्तीने असं ठरलं की सिनेमात वापरलेल्या साहित्याचा लेखक, चित्रपटगृहातलं प्रदर्शन सोडून इतर वापराच्या रॉयल्टीतला समान वाटा सोडून देऊ शकत नाही. सोडल्याचं करारात लिहिलं तरी ते टिकत नाही. त्याच दुरुस्तीत असंही आहे की करार करताना जे माध्यम व्यवहारात नव्हतं, त्याचा स्पष्ट उल्लेख नसेल तर त्याचे हक्क गेलेले नसतात.

हातात येणं ही वेगळी गोष्ट. गीतकार-संगीतकारांसाठी वसुली करणारी आयपीआरएस ही संस्था जुनी आहे आणि पैसे वाटते. पटकथाकारांच्या बाबतीत वसुली त्या मानाने फार मागे आहे. म्हणून आज घरखर्च रॉयल्टीवर धरू नका, पण 'रॉयल्टीचा हक्क सोडत आहे' असं कलम दिसलं की त्याला हरकत नोंदवा.

१६. मला एका जुन्या कादंबरीवर सिनेमा लिहायचाय. परवानगी कुणाची?

लेखक हयात असेल तर त्याची, नसेल तर वारसांची, आणि त्यांनी हक्क प्रकाशकाला दिले असतील तर त्याची. लेखकाच्या मृत्यूनंतरच्या कॅलेंडर वर्षापासून ६० वर्षं कॉपीराइट टिकतो. साने गुरुजी १९५० साली गेले, तेव्हा त्यांच्या हयातीत प्रसिद्ध झालेलं लेखन २०११च्या सुरुवातीपासून सर्वांना खुलं आहे.

यात तीन खाचखळगे आहेत. मरणोत्तर प्रसिद्ध झालेल्या लेखनाची साठ वर्षं प्रकाशनापासून मोजतात. मूळ पुस्तक खुलं झालं तरी त्याच्या अनुवादाचे हक्क अनुवादकाकडे असू शकतात, म्हणून अनुवादावरून काम करू नका. आणि त्यावर आधी झालेल्या सिनेमात भर घातलेले प्रसंग त्या पटकथेचे आहेत, कादंबरीचे नाहीत.

परवानगी मिळाली की कादंबरीशी किती प्रामाणिक राहायचं हा प्रश्न उरतो. १९७९च्या 'सिंहासन'साठी तेंडुलकरांनी अरुण साधूंच्या दोन कादंबऱ्या, 'मुंबई दिनांक' आणि 'सिंहासन', एकत्र गुंफल्या. रूपांतर हे स्वतंत्र लेखन आहे, ते असं.

१७. खऱ्या माणसावर किंवा गाजलेल्या खटल्यावर लिहायचं असेल तर?

१९९४च्या आर. राजगोपाल खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की न्यायालयीन नोंदींसारख्या सार्वजनिक दस्तऐवजांवर आधारून संमतीशिवाय लिहिता येतं, काही अपवाद वगळता. त्यापलीकडचं खासगी आयुष्य लिहायचं तर संमती हवी. म्हणून निर्माते कुटुंबीयांशी करार करतात. तो परवान्याइतकाच माहितीसाठीही असतो, कारण घरातलं कुणी बोललं नाही तर पटकथेत वर्तमानपत्रच उरतं. नावं बदलली तरी माणूस ओळखू येत असेल तर बदनामीचा दावा होऊ शकतो. कुठलं वाक्य कुठल्या कागदावरून आलं याची नोंद पहिल्या दिवसापासून ठेवा. निर्मात्याचा वकील ती मागणारच.

१८. मालिका चालू असताना मला काढलं. माझीच कथा ते पुढे नेऊ शकतात का?

बहुतेक करारांप्रमाणे हो. मूळ कथा तुमची असेल तर 'मूळ कथा' हे श्रेय शेवटच्या भागापर्यंत राहील आणि त्याची दर एपिसोड ठरावीक रक्कम मिळेल, असं सुरुवातीलाच लिहून घ्यावं लागतं. कथा चॅनेलची आणि तुम्ही फक्त संवाद लिहीत असाल, तर दिलेल्या एपिसोडांचे पैसे आणि नाव एवढाच दावा. सूचनेची मुदत दोन्ही बाजूंना सारखी ठेवा. तुम्हाला तीस दिवस आणि त्यांना 'तात्काळ' असं असेल तर बदलून मागा. काढलं जाणं म्हणजे लेखक वाईट, असं इथे कुणी समजत नाही. टीआरपी पडला की पहिली कुऱ्हाड लेखकावर येते, कारण नायिका बदलणं महाग पडतं.

१९. टीडीएस, जीएसटी यांचं काय?

व्यावसायिक मानधनातून साधारण १० टक्के टीडीएस कापला जातो, पॅन दिला नसेल तर २०. विवरणपत्र भरलं की जास्त कापलेले परत मिळतात. पटकथा-संवादलेखक आयकराच्या नियमांत सिनेकलावंतांमध्ये मोडतात, त्यामुळे वर्षाची जमा ५० लाखांपर्यंत (रोखीतली जमा ५ टक्क्यांच्या आत असेल तर ७५ लाखांपर्यंत) असल्यास निम्मी रक्कम उत्पन्न धरून कर भरण्याची सोपी पद्धत निवडता येते. महाराष्ट्रात सेवांची वार्षिक उलाढाल २० लाखांवर गेली की जीएसटी नोंदणी लागते. करारात 'जीएसटी वेगळा' हे दोन शब्द नसतील तर तो तुमच्या खिशातून जातो.

२०. नोकरी सोडून पूर्णवेळ लेखक होऊ का?

हातात एक चालू काम आणि आठ महिन्यांचा खर्च बाजूला असेल तर विचार करा. तीन महिने उधारीत जातात आणि मालिका पंधरा दिवसांच्या सूचनेवर बंद होऊ शकते, त्यावरून हा आकडा मी धरते. चाळिशीनंतर येणाऱ्यांना वयाची भीती वाटते, ती अनाठायी आहे. बँकेत, शाळेत किंवा पोलीस खात्यात वीस वर्षं काढलेल्याकडे जो मालमसाला असतो तो बाविशीतल्या मुलाकडे नसतो. मात्र रोजच्या मालिकेचं जागरण सोसवेल का ते बघा. सिनेमा आणि वेबमालिका त्या मानाने श्वास घेऊ देतात.

२१. एआय आमचं काम खाणार का? आणि मी एआयची मदत घेतली तर मजकूर माझा राहतो का?

सगळ्यात आधी धोक्यात येतं ते प्रश्न ४ मधलं सहायकाचं काम, म्हणजे साचेबद्ध सीन भरणं. हे वाईट आहे, कारण हात तिथेच बसतो. अमेरिकेतल्या लेखकांनी २०२३ साली १४८ दिवस संप केला. त्यानंतरच्या करारात एआयला लेखक मानायचं नाही आणि लेखकावर ते वापरण्याची सक्ती करायची नाही, हे मान्य करून घेतलं. आपल्याकडे असा सामूहिक करार नाही, म्हणून तीच कलमं प्रत्येकाला आपापल्या करारात मागावी लागतील. विशेषतः 'माझा मजकूर यंत्राच्या प्रशिक्षणासाठी वापरणार नाही' हे.

संगणकनिर्मित लेखनाचा कर्ता म्हणजे ते निर्माण करवून घेणारी व्यक्ती, अशी व्याख्या आपल्या कॉपीराइट कायद्यात आहे, पण ती आजच्या एआयच्या कितीतरी आधीची. त्यावर विसंबू नका. करारात तुम्ही 'मजकूर माझा आणि मूळ आहे' अशी हमी देता. एआयने दिलेला सीन तसाच घातला तर ती हमी मोडू शकते.

२२. आम्ही दोघा मित्रांनी मिळून पटकथा लिहिली. आता भांडण झालंय. एकटा विकू शकतो का?

दोघांचं काम वेगळं काढता येत नसेल तर कायद्याच्या भाषेत ते संयुक्त लेखन, आणि ते विकायला दोघांची संमती लागते. निर्माताही दोन सह्यांशिवाय हात लावणार नाही. कथा एकाची आणि संवाद दुसऱ्याचे असं स्वच्छ वेगळं असेल तर ज्याचं त्याने न्यावं, मात्र दुसऱ्याची एक ओळही न ठेवता. 'मी कथा घेऊन नव्याने लिहितो' असं म्हणणाऱ्याने चर्चेतून निघालेले प्रसंग कुणाचे, हे आधी मिटवायला हवं. ते आठवणीवर मिटत नाही, जुन्या ड्राफ्टच्या फायली आणि मेल उघडाव्या लागतात.

भांडण व्हायच्या आधी लिहायचा कागद एका पानाचा असतो: नावं कुठल्या क्रमाने, पैसे किती-किती, एकाने मधेच सोडलं तर त्याला काय, आणि दोन वर्षांत विकली गेली नाही तर कोण पुढे नेणार. पहिला सीन लिहायच्या दिवशी तो करा. तेव्हा दोघंही उदार असतात.